पडद्यावरच्या मुक्या आईचं बोलणं

शाळेत मी दुसरीपर्यंत गेले. पुढचं वाचणं दुकानांच्या पाट्यांवर, एसटीच्या बोर्डांवर आणि नवरा भजी बांधून आणायचा त्या पेपरच्या तुकड्यांवर शिकले. त्यामुळे मी लिहायला बसले तरी बोलतेच आहे असं समजा. मधेच भरकटले तर रागावू नका, परत येते मी.

आमच्या महाडात विहाराच्या मागे एक हॉल आहे. पुराचं पाणी त्याच्या भिंतीवर जिथवर चढलं होतं तिथं एक पट्टा आहे. कितीही रंग मारा, पावसाळा आला की तो ओला होऊन वर येतो. त्या पट्ट्याच्या वर खिळ्यांना पांढरी चादर बांधून आम्ही बायकांनी सिनेमा बघितला. मुका सिनेमा. मे महिन्यात मदर्स डे असतो हे आम्हाला मोबाईलनं शिकवलं, आणि त्या निमित्तानं काहीतरी करायचं म्हणून मंडळातल्या बाईंनी हे काढलं. बाई म्हणजे शाळेतून रिटायर झालेल्या. त्यांना सगळे बाईच म्हणतात. त्यांना जुन्या सिनेमांचं वेड. जेव्हा सिनेमाला आवाज फुटला नव्हता तेव्हाचे परदेशातले सिनेमे त्यांच्याकडे आहेत. त्यांनी त्यातला एक आईचा निवडला.

आता अडचण अशी की या सिनेमात मधेमधे काळ्या पाटीवर अक्षरं येतात, आणि ती इंग्रजी. आमच्यात अर्ध्या बायकांना मराठी अक्षरं वाचायची तर चष्मा लागतो. बाई म्हणाल्या, पूर्वी आपल्याकडे सुद्धा असा सिनेमा लागला की पडद्याच्या बाजूला एक माणूस उभा राहायचा आणि लोकांना गोष्ट सांगायचा. आपल्यातली कोणीतरी बोलणारी पाहिजे. त्यांनी हे म्हणायचा अवकाश, सगळ्या माझ्याकडे बघून हसायला लागल्या. एक म्हणाली, "हिला बोलायला सांगताय काय बाई, हिला थांबवायला कोण हाय ते आधी बघा."

मी हो म्हटलं. खरं म्हणजे मला घराबाहेर पडायला निमित्त हवं होतं. घरात माझा मुलगा आजारी. कारखान्यांच्या वसाहतीतल्या एका कंपनीत शिफ्टला जायचा, डबल शिफ्ट सुद्धा करायचा. त्याच्या दोन्ही किडन्या गेल्या. कशानं ते डॉक्टरांनी सांगितलं, पण मला ते नीट कळलं नाही. आठवड्यात तीनदा त्याला मशीनला लावायचं. माझी सून त्याला गाडीवर मागे बसवून न्यायची आणि आणायची. तो आला की भिंतीकडे तोंड करून झोपायचा. दोन वर्षं हेच. रडायचं तेवढं मी सुरुवातीला रडून घेतलं आणि मग ते बंदच झालं. दाताच्या डॉक्टरनं सुई दिल्यावर आपलाच गाल दुसऱ्या कुणाचा तरी वाटतो बघा, दाबला तर दाबलेला कळतो पण लागत नाही, तसं सगळं अंग झालं होतं. भाकरी थापायचे, बोलायचे, हसायचे सुद्धा. आत काही हलायचं नाही.

बाईंच्या घरी जाऊन मी तो सिनेमा आधी एकदा त्यांच्या लॅपटॉपवर बघितला. त्यांनी पाट्यांचा अर्थ सांगितला, मी तो डोक्यात भरला. गोष्ट अशी. थंड मुलखातली एक मोठी नदी. नदीवर होडी चालवणारी एक विधवा. तिला एकच मुलगा, लहानगा. त्याला ताप येतो. डॉक्टर पलीकडच्या काठाला, आणि नदीला पूर, पाण्यात बर्फाचे तुकडे. ती पोराला होडीत घालून निघते. दोर तुटतो, तो हाताला गुंडाळून ती होडी ओढते. पोर वाचतं. पण हा डॉक्टर आणि त्याची बायको, यांना मूल नाही. ते म्हणतात, तुझ्या झोपडीत हा परत आजारी पडेल, आम्ही याला वाढवतो, शिकवतो, पण तू याची आई म्हणून परत येऊ नकोस. ती कबूल होते. पोराला सांगतात तुझी आई बुडाली. तो मोठा होतो, इंजिनीअर होतो, आणि त्याच नदीवर पूल बांधायला येतो. पूल बांधेपर्यंत रोज तो आपल्या आईच्याच होडीतून जातो आणि येतो. ती त्याला सांगत नाही. पूल झाल्यावर तिची होडी बंद पडणार हे तिला माहीत असतं. पुलाच्या उद्घाटनाला वर बँड वाजतोय आणि खाली होडीत ती मरून पडते.

बाईंनी मला त्यातल्या खुब्याही सांगितल्या. आवाज नव्हता, म्हणून सगळं तोंडावर दाखवायचं. हात छातीवर, डोळे आभाळाकडे. आणि आई आली की तिच्या डोक्यामागून दिवा लावायचे म्हणजे केसांच्या कडेनं उजेड दिसायचा, देव्हाऱ्यातल्या तसबिरीसारखा. बाई म्हणाल्या, तेव्हा सगळीकडेच आई अशी दाखवायचे, तिकडेही आणि इकडेही. तिनं पोरासाठी काहीतरी सोडायचं, मग आणखी काहीतरी सोडायचं, आणि शेवटी जीव सोडायचा. मी म्हटलं, बाई, ही जेवते कधी? कारण मी लक्ष ठेवून होते. साऱ्या सिनेमात त्या बाईच्या तोंडात एक घास गेलेला दाखवला नाही. ती झोपत नाही, तिची पाठ दुखत नाही, पोराला एक धपाटा नाही. पुरातून बाहेर पडली तरी केस बसवलेले. बाई हसल्या. म्हणाल्या, हे काही हॉलमध्ये बोलू नका.

तर तो दिवस. दुपारचंच लावलं, खिडक्यांना चादरी मारून. उकाडा असा की पंखे नुसते गरम वारा ढवळत होते. बायका दाटीवाटीनं बसलेल्या. माझी सून मधल्या रांगेत, मांडीवर माझी नात. पोलादपुराकडच्या कापडे गावाहून माझी विहीण, म्हणजे सुनेची आई, लेकीला भेटायला आली होती, तीही मागे भिंतीला टेकून बसली. मी पडद्याच्या बाजूला स्टुलावर.

बायका मुक्या सिनेमासमोर मुक्या बसल्या नाहीत हे सांगायला नकोच. आम्हा महाडच्या बायकांना पाण्याचं कोणी शिकवू नये. होडी पुरात घातली तशी एक म्हणाली, "एवढ्या लोंढ्यात होडी कोण घालतं गो? हिला काय शेजारीपाजारी नाय?" दुसरी म्हणाली, दोर हाताला गुंडाळला तर हात जाणारच, दोर खांद्यावरून घ्यायचा असतो. मुलगा मोठा होऊन होडीत बसला तेव्हा तर गलका झाला. सांग ना त्याला, सांगत का नाय. तेव्हा मागून कोणीतरी शांतपणे म्हणालं, सांगितलं तर सिनेमा संपला ना.

पण त्याच्या आधीची एक जागा आहे. डॉक्टरच्या दारात ती पोराला घेऊन पोचते, पोर निपचित, आणि ती डॉक्टरसमोर गुडघ्यावर बसून बोलते. कॅमेरा तिच्या तोंडाशी. तोंड हलतंय, हलतंय, डोळ्यांतून पाणी, आणि पाटी काही येत नाही. लॅपटॉपवर बघताना एवढं लांब वाटलं नव्हतं. हॉलमध्ये चादरीवर तिचं तोंड केवढं मोठं झालं, आणि सगळ्या बायका माझ्याकडे बघायला लागल्या की ही काय म्हणते ते सांग. मग मी बोलले. डॉक्टर, माझे हात घ्या, डोळे घ्या, माझं काळीज कापून घ्या, माझ्या अंगातलं जे लागेल ते घ्या, पण माझ्या लेकराला उठवा. मी कशाला राहू, मी राहून काय करू, हा राहिला म्हणजे मी राहिले. असं बरंच. तिचं तोंड बंद होईपर्यंत मी बोलतच होते. हॉलमध्ये हुंदके. नेहमी भांडणारी एक बाई पदरात तोंड घालून रडत होती. माझ्या डोळ्यांत टिपूस नव्हता. मी तिच्या ओठांकडे बघत होते, कधी थांबते म्हणून.

सिनेमा संपला, चादरी काढल्या, सरबत वाटलं. बायका येऊन माझे हात धरायला लागल्या. मला वाटलं, बोलणं आवडलं. मग एकीनं माझ्या सुनेला सांगितलेलं माझ्या कानावर पडलं: "बघ, सगळ्यांदेखत बोलली तुझी सासू. आता काळजी नको. आई ती आई."

तोवर आमच्या घरात किडनी कोणाची हे कोणी काढलं नव्हतं. डॉक्टर म्हणाले होते की घरातल्या कोणी दिली तर बदलता येईल, विचार करा. आणि आम्ही तिघंही, मी, मुलगा आणि सून, विचार करतोय असं दाखवून गप्प होतो. एक माणूस दुसऱ्याकडे मागणार कसं आणि दुसरा आपण होऊन पुढे येणार कसा. ते हॉलमध्ये मिटलं. आमच्याकडच्या बायकांची एक रीत आहे, चार माणसांत तोंडातून गेलेला शब्द तुमचा. मग तो कोणाच्या वतीनं बोलला होतात हे कोणी विचारत नाही.

घरी मुलाला माझ्या आधी खबर पोचली होती. तो भिंतीकडून वळून म्हणाला, "आये, तू हॉलमधी काय बोललीस? तिघांचे फोन आले मला."

मी म्हटलं, ते त्या सिनेमातल्या बाईचं बोलणं.

"मग तुझं काय?"

माझं काय ते मी आत शोधलं. नको असंही नव्हतं, देते असंही नव्हतं. गाल दाबावा आणि लागू नये तसं. मी म्हटलं, तपासून तर घेऊ.

तपासायला मुंबईला मोठ्या हॉस्पिटलात गेलो. दोन दिवस रक्त काढलं, मशीनमध्ये घातलं, लघवी मोजली. मग तिथल्या मॅडमनी मला समोर बसवलं आणि सांगितलं की मावशी, तुम्हाला साखर आहे, बरीच जुनी दिसते, तुमची किडनी घेता यायची नाही. मला साखर आहे हे मलाच माहीत नव्हतं. मॅडमना वाटलं मी आता रडणार, त्यांनी पाण्याचा ग्लास पुढे केला. मी पाणी प्यायले. बाहेर आले आणि मला भूक लागली. समोरच्या गाडीवर मी दोन वडापाव खाल्ले, एकामागून एक, उभ्यानंच. सून माझी पर्स धरून शेजारी उभी होती. तिनं खाल्लं नाही. ती म्हणाली, "आत्या, मी माझं पण रक्त देऊन आले." ती मला आत्या म्हणते. लग्न झाल्यापासून कधी आई म्हणाली नाही आणि मीही तिला म्हणायला सांगितलं नाही.

तिचं जुळलं. सगळं जुळलं.

मंडळातल्या बायका मला भेटायला आल्या. माझी साखर त्यांना कळली होती, सुनेचं जुळलं तेही. चटईवर गोल बसून त्यांनी माझी समजूत घातली, की तुम्ही तयार झालात ना, मग दिल्यासारखंच ते, नशिबानं घेऊ दिलं नाही त्याला तुम्ही काय करणार. एक म्हणाली, तुमच्यासारखी आई पाहिजे. सून त्यांना चहा देत होती. कप देताना ती खाली वाकली की सगळ्या कप घ्यायच्या आणि परत माझ्याकडे वळायच्या. तिला काय म्हणायचं ते त्यांना ठाऊक नसावं. आईनं दिली तर काय म्हणायचं ते सगळ्यांना पाठ असतं.

त्यानंतर भातलावणीच्या ऐन भरात माझी विहीण आली. लावणी टाकून कोणी येत नाही. तळं झालेल्या शेतातून ती तशीच एसटीत बसली असावी, नखांत चिखल, लुगड्याचा काठ ओला. सून मुलाला घेऊन मशीनला गेलेली. विहीण पाणी नको म्हणाली, बसली नाही, दाराशी उभीच राहिली. तिला फार बोलायची सवय नाही. आमच्याकडे आली की हो नाय एवढंच. त्या दिवशी ती जे बोलली ते मला शब्दाला शब्द लक्षात आहे.

ती म्हणाली, "विहीणबाय, मी अख्खी लेक दिली होती तुम्हाला."

मी चटई पसरली. ती उभीच.

"माजं ती ऐकत नाय. फोनवर बोलले तर फोन ठेवते. मी सांगितलं तर लोकं म्हनतील, आईनं भरवलं, नवऱ्याला मरू दे म्हनाली. उद्या काय कमीजास्त झालं तर जल्मभर तिच्या माथी. पन सासूच नको म्हनाली तर कोन काय बोलंल? तुमचं नको चालतं. तुम्ही त्या पडद्यावरच्या बाईच्या तोंडून बोललात. ती तर तुमची कोन नव्हती. तसं माज्या तोंडून बोला. एवढंच सांगा तिला, नको देऊस."

आता बघा. त्या सिनेमात आई एकच होती. डॉक्टरची बायको होती, पण तिला काही आई म्हणून उभी केली नव्हती. एकच पोर, एकच आई, उजेड एकीच्याच केसांमागे. माझ्या दारात दुसरी उभी होती आणि तिच्या मागे उजेड नव्हता, पावसाचं मळभ होतं. ती मागत होती ते चुकीचं नव्हतं. मी तिच्या जागी असते तर तेच मागितलं असतं. आणि मी तिचं ऐकलं तर माझा मुलगा मशीनवर राहणार, आणि मशीनवर माणूस किती राहतो हे तिलाही माहीत होतं, म्हणूनच ती खाली बघत होती.

मी तिला म्हटलं, तुमचं म्हणणं मी तिला सांगते. ती म्हणाली, माझं म्हणून नको, तुमचं म्हणून सांगा. मी म्हटलं, सांगते, बसा तर आधी.

तासाभरानं सून आली. मुलाला खोलीत झोपवलं, नातीच्या हातात बिस्किट दिलं, आईला बघून दचकली. ओट्याशी जाऊन तांदूळ धुवायला लागली. मी तिच्या मागे गेले. विहीण बाहेरच्या खोलीत. मधे नुसता पडदा.

हॉलमध्ये मी त्या अनोळखी बाईच्या तोंडून किती बोलले. इथं माझी जीभ उचलेना. सुनेच्या हातातलं तांदळाचं पाणी पांढरं झालं, तिनं ते ओतलं, दुसरं घेतलं. मग मी म्हटलं, "तुझी आई म्हणते, नको देऊस."

ती तांदूळ चोळत राहिली. म्हणाली, "तुम्ही काय म्हणता?"

मला विहिणीनं सांगितलं होतं काय म्हणायचं ते. एक शब्द होता. माझ्या पोटात बसलेला दुसराही एक होता. दोन्ही तोंडाशी होते. मी म्हटलं, "मला काय म्हणता येत नाय गो."

तिनं पाण्यातून हात काढले, पदराला पुसले. रडली नाही, चिडलीही नाही. म्हणाली, "आत्या, मंडळातल्या बायका येतात, त्याग म्हणतात. आई फोन करते, ती पण म्हणते कशाला एवढा त्याग. मी काय त्याग करत नाय. मला तो पाहिजे. शिफ्टवरनं यायचा आणि डबा आपटायचा, मी ओरडायचे, तसा पाहिजे. भिंतीकडे तोंड करून झोपलेला नको. माझ्यासाठी पाहिजे मला. पोरीसाठी नाय, तुमच्यासाठी नाय. हे तुम्ही माझ्या आईला सांगा, मी सांगितलं तर तिला वाटतं कोणी पढवलंय."

पडद्यापलीकडे विहीण होती, तिला ऐकू गेलंच असेल. तरी मी बाहेर गेले आणि सांगितलं. ती म्हणते, त्याग नाही, तिला तो हवाय. विहिणीनं ऐकून घेतलं. तिनं मला विचारलं, "तुम्ही नको म्हनालात?" मी खोटं बोलले असते तर तिला बरं वाटलं असतं. मी म्हटलं, नको असं म्हणाले नाही. पण दे सुद्धा म्हणाले नाही. ती म्हणाली, ते मला आलं ऐकायला. आणि पायात चप्पल घालून निघाली. जेवून जा म्हटलं तर लावणी अर्धी राहिलीय म्हणाली.

हॉस्पिटलात डॉक्टरांनी सुनेला एकटीला आत बोलावून विचारलं, कोणाची बळजबरी आहे का. समोर कॅमेरा लावला होता, असं ती सांगत होती. मी आणि मुलगा बाहेर. ती काय बोलली ते तिनं सांगितलं नाही, मीही विचारलं नाही. बाहेर आल्यावर फक्त म्हणाली, तो दिवा डोळ्यांवर येत होता.

ऑपरेशनच्या दिवशी विहीण आली. बाकावर आम्ही दोघी, मधे तिची पिशवी. वाट बघण्यात काही म्हणजे काही घडत नाही हे सिनेमात दाखवत नाहीत. लोक जात होते, फरशी पुसली जात होती, एका बाईचा मोबाईल सारखा वाजत होता. विहिणीनं भाकरी आणली होती, त्यात लसणाची चटणी. तिनं अर्धी मोडून माझ्या हातात दिली, बघितलं नाही माझ्याकडे. मी खाल्ली. आधी तिच्या लेकीला बाहेर आणलं. ती उठून गाडीबरोबर चालत गेली. मी बसून राहिले. माझ्या मुलाला आणायला संध्याकाळ झाली. लघवी सुरू झाली असं डॉक्टर हसून म्हणाले. लघवी झाली म्हणून हसणारी माणसं मी तिथं पहिल्यांदा बघितली. मीही हसले. आत काही हललं का ते मी बघितलं. नाही. पण चप्पल घालताना मला डावी उजवी कळेना, एवढं आठवतं.

दोघांना महाडला आणल्यावर विहीण आमच्याकडे राहायला आली. लेकीला वजन उचलायचं नाही, वाकायचं नाही, आणि माझे गुडघे असे. भात कापून, झोडून, घरात आणून मगच ती आली, नव्या तांदळाचं अर्धं पोतं घेऊन. मुलाला आतली खोली दिली होती. त्याला कोणाचा श्वास लागू द्यायचा नाही, तोंडाला फडकं बांधल्याशिवाय जायचं नाही, बाहेरचं खायचं नाही. विहीण त्या खोलीत जायची नाही. लेकीला पेज द्यायची, तिचं अंग पुसायची, नातीला न्हाऊ घालायची, माझ्या ओट्यावर तिच्या पद्धतीनं भांडी लावायची. जावयाचं ताट वाढून उंबऱ्याशी ठेवायची आणि मला हाक मारायची. बोलणं आमचं तेवढंच. मीठ कुठंय, दूध आलं का. मी एवढी बडबडी, मला वाटायचं गप्प घरात माझा जीव जाईल. तसं काही झालं नाही. त्या गप्पपणातही स्वयंपाक व्हायचा.

एके सकाळी आम्ही दोघी ओटीवर तांदूळ निवडत होतो, प्रत्येकीपुढे एक सूप. सून आत निजलेली. मुलानं पाणी मागितलं. मी उठायला गेले तर गुडघा अडकला. भिंतीला हात लावून उठतेय तोवर विहिणीनं सूप खाली ठेवलं, खुंटीवरचं फडकं तोंडाला बांधलं आणि आत गेली. मी तशीच अर्धी उठलेली. आतून काही ऐकू येईना. पाणी द्यायला लागतो त्यापेक्षा जास्त वेळ गेला. मी परत खाली बसले.

ती आली, फडकं सोडून खुंटीला लावलं, बसली आणि सूप मांडीवर घेतलं.

"ताप नाय," म्हणाली. "हात लावून बघितला."

मी म्हटलं, कालच डॉक्टरांनी बघितलाय, सगळं बरं आहे म्हणाले.

"डाक्टरनी बघितलं असंल. माज्या लेकीचं हाय त्याच्या पोटात. मला बघायला नको?"

मी म्हटलं, बघत जा.

तिनं एक खडा काढून अंगणात टाकला. मग माझ्या सुपाकडे बघून म्हणाली, किती हळू निवडता हो, आणा इकडे.